सध्या कुठेही नाही

कोल्हापूरच्या चित्रठेव प्रयोगशाळेत पाहणीच्या दालनाला खिडक्या नाहीत. पडद्यावर बाहेरचा उजेड पडू नये म्हणून तशी सोय केलेली आहे, आणि त्यामुळे आत बसलेल्या माणसाला वेळेचं भान राहत नाही. डॉ. केतकी हेब्बाळकर यांनी म्हणून भिंतीवर एक मोठं घड्याळ लावून घेतलं होतं. त्या सोमवारी सकाळी साडेअकरापर्यंत त्यांनी त्याच्याकडे किती वेळा पाहिलं, हे त्यांनाही सांगता आलं नसतं. 'हुपरीची वाट' या चित्रपटाची जगात उरलेली एकमेव प्रत संध्याकाळी पाच वाजता पुसायची होती, आणि पुसण्याची कळ त्यांनाच दाबायची होती.

समोर दृश्यहक्क कार्यालयाचे अधिकारी इलाही मुजावर बसले होते. मांडीवर कागदांची फाइल, चेहऱ्यावर दुसऱ्याच्या घरातल्या दुःखात नाइलाजाने यावं लागलेल्या माणसाचा संकोच. त्यांच्या शेजारी त्या चित्रपटाच्या दिग्दर्शिका शरयू बिडकर. वय एकोणऐंशी, पाठ ताठ, आवाज शाळेच्या मुख्याध्यापिकेचा.

शरयूताईंनी आयुष्यात चित्रपट एकच केला, आणि तो फार थोड्यांनी पाहिला. त्यांचं नाव घरोघरी पोचलं ते 'चित्रपट कुठे पाहावा' या पुस्तिकेमुळे. दर पाडव्याला तिची नवी आवृत्ती निघे. कोणता चित्रपट कोणत्या वाहिनीवर रीतसर पाहता येतो, कोणत्या ग्रंथालयाच्या संगणकावर विनामूल्य मिळतो, कोणत्या दुव्यावर बोट ठेवलं की घरातल्या यंत्रात कीड शिरते, हे सगळं त्यात सोप्या भाषेत असे. लोक त्यांना पत्रं लिहीत. "फुकटात बघायला गेले आणि नातवाच्या बारशाचे सगळे फोटो गेले," असं एखादी आजी लिही, आणि शरयूताई तिला आधी रागावत, मग सुरक्षित आणि वैध मार्ग कोणता ते समजावून सांगत. पुस्तिकेच्या शेवटी आणखी एक यादी असे. चोरून प्रती केल्याचं ज्यांच्यावर सिद्ध झालं त्यांची नावं. गावासकट.

हा कडकपणा उगाच आलेला नव्हता. त्यांचे वडील जत्रांतून तंबूत चित्रपट दाखवत. चोरीच्या प्रती खिशाखिशात पोचल्या आणि तंबू बसला. गुंडाळलेलं कापड परसात कुजताना त्यांनी पाहिलं होतं.

त्याच पुस्तिकेत 'ह' अक्षराखाली गेली तीस वर्षं एक ओळ जशीच्या तशी छापली जात होती. 'हुपरीची वाट: सध्या कुठेही नाही.'

"मला एकदा नीट सांगा मॅडम," मुजावर केतकीबाईंना म्हणाले. "मला कायदा कळतो, यंत्र नाही. ही प्रत आहे, ताई हक्कधारक आहेत, मग अडलंय कुठं?"

केतकीबाईंनी त्यांना हात लांब करायला सांगितला. "अंगठ्याच्या नखाकडे बघा. नख स्पष्ट दिसतंय ना? आता नजर न हलवता सांगा, माझ्या साडीच्या काठावर काय आहे?"

मुजावरांनी प्रामाणिकपणे प्रयत्न केला. "काहीतरी आहे. पानं असतील."

"कोयऱ्या आहेत. माणसाच्या डोळ्याला एका वेळी स्पष्ट दिसतं ते एवढंच, नखाएवढं. बाकीचं दृश्य पुसट असतं, पण डोळा इतक्या भराभर फिरतो की आपल्याला वाटतं सगळंच स्पष्ट आहे. दृष्टिधारा, म्हणजे हल्ली सगळ्या वाहिन्या चित्रपट दाखवतात ती पद्धत, यावरच चालते. संच तुमच्या बुबुळावर लक्ष ठेवतो. तुम्ही पडद्यावर जिथे बघाल तेवढाच भाग वाहिनी तपशिलासकट पाठवते, बाकी सगळीकडे नुसतं धुकं. तुम्हाला ते धुकं कळत नाही, कारण तुम्ही बघायला गेलात की तिथे चित्र हजर होतं."

"म्हणजे अख्खा चित्रपट कुणाच्या घरी पोचतच नाही."

"कधीच नाही. म्हणून तर चोरी बरीच थांबली. कुणी कुलूप तोडून प्रत केली, तरी त्या प्रतीत उरतं काय? त्या माणसाने जिथे जिथे बघितलं तेवढंच. एका माणसाच्या नजरेची वाट. बाकी धुकं, आणि ते परत भरता येत नाही, कारण तो तपशील तिथे आलेलाच नव्हता."

मुजावर थोडा वेळ अंगठ्याकडे बघत राहिले.

पुढचं शरयूताईंनीच सांगितलं, पाठ केल्यासारखं. चित्रओघ नावाच्या वाहिनीने बेचाळीस वर्षांपूर्वी 'हुपरीची वाट' घेतला. मूळ प्रत करारानुसार वाहिनीकडेच राहिली. बारा वर्षांनी वाहिनी बंद पडली, साठवण पुसली गेली, हक्क शरयूताईंकडे परत आले. हक्कांचा कागद आला, चित्रपट आला नाही. आणि यंदा शिरोलीच्या एका भंगारवाल्याकडे जप्त केलेल्या जुन्या यंत्रांपैकी एकात ही प्रत निघाली. यंत्र कोणाचं, हे भंगारवाल्याला सांगता आलं नाही.

"दृश्यहक्क कायदा, कलम अकरा," त्या म्हणाल्या. "जप्त केलेली प्रत कोणी केली हे नव्वद दिवसांत कळलं, आणि हक्कधारकाने त्यावर आपलं म्हणणं लेखी दिलं, तर प्रत वैध. नाहीतर पुसायची. तोवर ती दृष्टिधारेतूनच पाहायची, एरवी उघडायची नाही. आज नव्वदावा दिवस आहे."

"हे कलम जरा जास्तच कडक आहे," मुजावर चाचरत म्हणाले.

"ते कलम माझंच आहे. समितीत मीच आग्रह धरला. निनावी प्रत हक्कधारकाने नुसती आपली म्हटली की चालत असतं, तर चोरांनी हक्कधारकांच्या दारात रांगा लावल्या असत्या."

मुजावरांनी फाइलचा बंद सोडून पुन्हा बांधला.

केतकीबाईंनी आतापर्यंत ही प्रत अकरा वेळा पाहिली होती. पाहिली म्हणणं धाडसाचं आहे. प्रत दृष्टिधारेतूनच दिसत असल्याने तिच्यावर दोन चाळण्या बसत होत्या. आधी चोराची नजर, मग पाहणाऱ्याची. चोराने जिथे बघितलं तिथेच, त्याच क्षणी, आपणही बघितलं तरच चित्र स्पष्ट, एरवी धुकं. हा चोर चमत्कारिक होता. नायिका बोलत असताना तो तिच्या चेहऱ्याकडे बघायचाच नाही. पडद्यामागचा मेळमापक दोन्ही नजरा किती वेळ एकत्र पडल्या ते मोजत असे. केतकीबाईंचा मेळ शंभरात चौदा आला होता, त्यांच्या सहायकांचा त्याहून कमी.

"तुम्ही एकदा पाहा," त्या शरयूताईंना म्हणाल्या. "चोराला काय आवडायचं, काय नाही, यावरून तुम्हाला काही सुचलं तर. एवढाच मार्ग उरलाय."

तीन महिने शरयूताईंनी नकार दिला होता. वैध ठरलेली नसलेली प्रत पाहायची नाही, मग ती स्वतःच्या चित्रपटाची का असेना. मुजावरांनी आता फाइलमधून एक कागद काढला. तपासासाठी पाहण्याची परवानगी, शिक्क्यासकट. शरयूताईंनी तो पूर्ण वाचला, तारीख तपासली आणि खुर्ची पडद्याकडे वळवली.  तीस वर्षांनी त्या पुन्हा आपला चित्रपट पाहणार होत्या, आणि हे पाहणं शेवटचं ठरण्याची शक्यता जास्त होती.

बारा वाजता चित्रपट सुरू झाला.

हुपरीच्या चांदीकामाच्या कारखान्यातली पहाट. केतकीबाईंना ठाऊक होतं की इथे पहिली सहा मिनिटं काहीच दिसत नाही. त्यांनी सवयीने मेळमापकाकडे नजर टाकली आणि दचकल्या. आकडा एकसष्ट होता. तो सत्तरवर गेला. मग ऐंशी.

"ताई, तुम्हाला दिसतंय?"

"दिसतंय की," शरयूताई पडद्यावरून नजर न काढता म्हणाल्या. "स्वच्छ दिसतंय. धुकं कुठे म्हणालात?"

केतकीबाईंनी नोंदपट्टी पुढे ओढली. त्यावर शरयूताईंची नजर तांबड्या रेषेने उमटत होती. पाच मिनिटांत केतकीबाईंना एक गोष्ट कळली. सामान्य प्रेक्षकाची नजर दृश्य बदललं की पाव सेकंदाने नव्या जागी पोचते. शरयूताईंची नजर दृश्य बदलण्याच्या आधीच पुढच्या जागी जाऊन थांबत होती. दार उघडणार असेल तर कडीवर, हात पुढे येणार असेल तर रिकाम्या कोपऱ्यात. चोरही तेच करत होता. म्हणूनच तर बाकी कुणाला तो सापडत नव्हता.

मुजावर उठून त्यांच्या मागे येऊन उभे राहिले. आकडा सत्त्याऐंशी. ते खालच्या आवाजात म्हणाले, "मॅडम, ऐंशीच्या वर मेळ म्हणजे एकच माणूस. कोर्ट मानतं."

"माहीत आहे."

"म्हणजे प्रत ताईंनीच..."

शरयूताईंनी ऐकलं.  त्यांनी प्रत केली नव्हती. मग आपल्यासारखं बघणारं दुसरं कोण, हा प्रश्न त्यांच्या मनात आला असणार, कारण त्यांनी एक हात खुर्चीवर घट्ट दाबून धरला. नजर मात्र पडद्यावरून हलली नाही.

त्रेपन्नाव्या मिनिटाला जत्रा आली.

आणि पडदा विझल्यासारखा झाला. मेळमापक शून्यावर पडला आणि तिथेच राहिला. शरयूताई गर्दीतून वाट काढणाऱ्या नायिकेच्या चेहऱ्याकडे बघत होत्या. धुकं. तिच्या पायांकडे पाहिलं. धुकं. मागच्या पाळण्याकडे, नारळवाल्याकडे, तंबूच्या दाराशी लागलेल्या रांगेकडे. सगळीकडे धुकं.

"हे दृश्य किती लांब आहे?" मुजावरांनी विचारलं.

"चार मिनिटं. मध्ये एकही काट नाही, सलग एकच दृश्य," शरयूताई म्हणाल्या. "मी म्हणत होते दोन मिनिटांत आटपू. बिडकर ऐकेनात. म्हणाले, इथे कापलं तर लय मोडते. आमचं त्यावरून चांगलंच वाजलं होतं."

पुंडलिक बिडकर त्यांचे पती आणि चित्रपटाचे संकलक. नऊ वर्षांपूर्वी गेले. शरयूताई त्यांना घरीदारी बिडकरच म्हणत. सहा महिने दोघांनी एकाच बाकावर बसून हा चित्रपट जोडला होता. काट येण्याआधी नजर तिथे पोचली पाहिजे, हे त्यांनीच शरयूताईंना शिकवलं होतं.

"चार मिनिटांत तुम्ही बघितला नाही असा पडद्याचा कुठला भाग आहे?" केतकीबाईंनी विचारलं. त्यांचा आवाज बदलला होता.

शरयूताईंनी पडद्यावरून नजर काढली. मग म्हणाल्या, "डावीकडचा कोपरा. तिथे मी बघत नाही."

"का?"

"तिथे मी आहे." आणि त्या वयातही त्या चक्क लाजल्या. "काकणं भरणारी कासारीण हवी होती. ठरवलेली बाई आलीच नाही. उजेड चालला होता, म्हणून मीच लुगडं नेसून बसले. काही येत नव्हतं हो मला, नुसती बायकांचे हात धरून बसले होते. तो कोपरा मला कधी बघवलाच नाही. संकलनालाही मी तिथे मान वळवायचे."

"मागे घेते," केतकीबाई म्हणाल्या. "आता तिथे बघा."

जत्रा पुन्हा सुरू झाली. शरयूताईंनी श्वास घेतला आणि नजर डाव्या कोपऱ्यात नेली.

तिथे सदतीस वर्षांची एक बाई बसली होती. हिरवं लुगडं, कपाळावर घामाने ओघळलेलं कुंकू, पुढ्यात काकणांचे चुडे. काकणावरची सोनेरी टिकली न् टिकली दिसत होती. ती कुणाचा तरी हात धरून चुकीच्या बाजूने काकण चढवत होती, मग स्वतःशीच हसत होती, मग दिग्दर्शिकेला शोभेल अशा काळजीने एकदा आभाळाकडे बघत होती. भोवती सगळी जत्रा धुक्यात बुडाली होती. चार मिनिटं चोराची नजर त्या बाईवरून हलली नाही. नायिका अगदी जवळून गेली तरी नाही.

मेळमापकावर शंभर आकडा होता.

शरयूताईंना रडू आलं. त्यांनी ते आवरलंही नाही. डोळे पाणावले की संचाला बुबुळ सापडत नाही, त्यामुळे शेवटी ती बाईही पुसट झाली.

केतकीबाईंनी चित्रपट थांबवला. पाण्याचा पेला पुढे केला.

"करार आला तेव्हा त्यांनी दोनदा वाचला," शरयूताई पाणी पिऊन म्हणाल्या. "म्हणाले, शरयू, यात आपल्याकडे ठेवायचं काहीच नाही गं. उद्या यांनी दुकान बंद केलं तर? एक प्रत काढून ठेवू. मी म्हणाले, कायदा म्हणजे कायदा, आणि पुन्हा माझ्या घरात हा विषय काढायचा नाही. त्यांनी काढला नाही." त्यांनी पेला खाली ठेवला. "पुस्तिकेची मुद्रितं तेच तपासायचे. एकवीस वर्षं. 'सध्या कुठेही नाही' ही ओळ दर वर्षी त्यांच्या हाताखालून गेली. एकदाही पेन्सिल टेकवली नाही."

"आणि ते यंत्र?" मुजावरांनी विचारलं.

"ते गेल्यावर मीच भंगारात दिलं. परवानगीवाचून दुसऱ्याचं यंत्र उघडू नये, असं मी लोकांना शिकवते. नवऱ्याचंही उघडलं नाही."

घड्याळात दोन वाजत आले होते. मुजावरांनी जबाबाचा छापील नमुना बाहेर काढला, पण लिहायला घेतलं नाही. त्यांनी खुर्ची शरयूताईंच्या जवळ ओढली.

"ताई, एक बोलू का? राग मानू नका. बिडकर साहेबांचं नाव लिहिलं की ते यादीत जाणार. तुमच्याच पुस्तिकेच्या मागं. गावासकट. गेलेल्या माणसाला आपल्या बाजूनं बोलता येत नाही. तुमचा मेळ सत्त्याऐंशी आलाय. मशीननं लिहून दिलंय. तुम्ही 'मीच केली' एवढं म्हणालात तरी कागद पुढं जातोय. प्रत वाचती. तुम्हाला समज देतील, बास."

केतकीबाईंनी हे ऐकलं आणि नोंदपट्टीवरचं जत्रेचं शून्य हाताखाली झाकलं. शास्त्रज्ञाने असं करू नये. त्यांनी केलं.

शरयूताईंनी तो हात पाहिला. "काढा तो," त्या म्हणाल्या. "मुजावरसाहेब, तुम्ही भल्यासाठी म्हणताय, मला कळतंय. पण मी केली म्हटलं, तर ही नजर माझ्या नावावर लागेल. ती माझी नाही. मी त्या कोपऱ्यात बेचाळीस वर्षं बघितलं नाही. ज्यांनी बघितलं त्यांचंच नाव लागलं पाहिजे. लिहा."

मुजावरांनी पेन उघडलं. "प्रत करणाऱ्याचं नाव?"

"पुंडलिक रामचंद्र बिडकर."

"गाव?"

"हुपरी."

"हक्कधारकाशी नातं?"

"नवरा."

"अपराध?"

शरयूताईंनी डोळे पुसले. आवाज पुन्हा मुख्याध्यापिकेचा झाला. "मान्य. त्यांच्या वतीने मी मान्य करते. त्यांनी चोरी केली आणि माझ्यापासून लपवली. दोन्ही लिहा."

"हक्कधारकाचं म्हणणं? इथं तक्रार आहे किंवा तक्रार नाही, असं लिहायचं असतंय."

"तक्रार आहे," त्या म्हणाल्या. मुजावरांचा हात थांबला. "सांगायला हवं होतं त्यांनी मला. कधीतरी. मी चिडले असते, चार दिवस बोलले नसते, पण मग बघितलं असतं ना आम्ही दोघांनी. तेवढी तक्रार आहे. लिहा ती. आणि खाली लिहा, प्रत वैध करावी."

मुजावरांनी जसंच्या तसं लिहिलं. शरयूताईंनी सही केली. शिक्का बसला तेव्हा पाच वाजायला बराच अवकाश होता.

पाडव्याला पुस्तिकेची नवी आवृत्ती आली. तिच्या शेवटच्या पानावर, 'ब' अक्षराखाली, बिडकर पुंडलिक रामचंद्र, हुपरी, हे नाव इतरांच्या नावांबरोबर त्याच लहान टाइपात छापलेलं आहे. आणि आत, 'ह' अक्षराखाली, तीस वर्षांची ओळ बदलली आहे.

'हुपरीची वाट: चित्रठेव प्रयोगशाळा, कोल्हापूर. रोज अकरा ते पाच. सुरक्षित व वैध. जत्रेच्या दृश्यात डावीकडे पाहावं. इतरत्र धुकं आहे.'